महेश्वरच्या घाटावर पाहुण्यांचा कॅमेरा: सांगायचं कोणी आणि कसं?

नर्मदाकाठची_सून (इंदूर)

मंडळी, लांबलचक लिहिणार आहे. घाई असेल त्यांनी शेवटचा परिच्छेद वाचून उत्तर द्यावं, राग नाही.

आम्ही राहतो इंदूरला, रामबागेत. सासरचं जुनं घर महेश्वरला, घाटापासून चालत जाण्याच्या अंतरावर. माडीवरच्या दोन खोल्या पाहुण्यांना देतो. सासूबाई तिथेच असतात. ऐंशी पार केलीय, पण "इंदूरला चला" म्हटलं की "रामबागेत नर्मदा कुठून आणशील?" म्हणून मोकळ्या होतात. तसं बघितलं तर इंदूरच्या नळाला नर्मदाच येते, पण ते त्यांच्यापुढे बोलायची माझी छाती नाही. पाहुण्यांमध्ये परदेशी बरेच. कोणी माहेश्वरी साडीचे माग बघायला येतं, कोणी अहिल्याबाईंच्या वाड्यासाठी, आणि हल्ली काही जण नुसते चॅनेलसाठी.

मागच्या हिवाळ्यात एक तरुण जोडपं आलं. देश सांगत नाही, त्याने काही फरक पडत नाही. वागायला अगदी गोड. चपला दारात काढायचे, ताट विसळून ठेवायचे, पोहे मागून घ्यायचे. अमावास्येच्या पहाटे मुलगा मोठी लेन्स घेऊन घाटावर जाऊन बसला. अमावास्येला आसपासच्या खेड्यांतून बायका स्नानाला येतात, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. ओलं लुगडं अंगावर असतानाच वरून कोरडं गुंडाळायचं, ही त्यांची पिढ्यांची हातोटी. आडोसा म्हणजे शेजारणीची पाठ. याने ते सगळं टिपलं. एक बाई निमाडीत ओरडली तर त्याला वाटलं आपल्याला राम राम करतेय, म्हणून त्याने हात हलवला.

व्हिडिओ फिरत फिरत गावात पोचला. घाटावर फुलं आणि दिवे विकणारी एक बाई आहे. तिची सून त्यात केस पिळताना दिसत होती, अगदी जवळून. ती पोलिसांत गेली नाही. आमच्या ओट्यावर येऊन बसली आणि सासूबाईंना म्हणाली, "आपके घर के मेहमान थे, माँ साब." एवढंच बोलली.

मी त्या मुलाला मेसेज केला. त्याने माफी मागून लगेच व्हिडिओ काढला. पण तोवर हिंदी पेजेसनी तो उचलून "देखिए, विदेशी हमारे घाट पर क्या कर रहे हैं" म्हणून फिरवला होता. त्याच बायकांसकट, चेहरेसुद्धा न झाकता! संस्कृतिरक्षणाच्या उत्साहात त्या पोरीचा चेहरा आणखी कुठे कुठे गेला असेल देव जाणे.

त्याच जोडप्याचा दुसरा प्रकार. साताऱ्याकडचे एक वयस्कर परिक्रमावासी घाटावर विश्रांतीला थांबले होते. यांना वाटलं, म्हातारबाबा इतकं चालून आलेत, तर त्यांना नावेतून नदीच्या मधोमध असलेल्या बाणेश्वराच्या देवळापर्यंत फिरवून आणू, छान रील होईल. बाबा हात जोडून नाही म्हणताहेत आणि यांना वाटतंय पैशांमुळे संकोचताहेत. हात धरून नावेकडे नेऊ लागले. परिक्रमेत नर्मदा ओलांडायची नसते, ती कायम उजव्या हाताला ठेवून चालायचं. नावेत बसवून मध्यावर नेलं असतं तर बाबांची सगळी चाल तिथेच खंडित झाली असती. नावाड्याला हे माहीत नसेल? पण त्याचं भाडं ठरलेलं होतं, तो बघत उभा राहिला. शेवटी एक साधूबाबा ओरडले तेव्हा प्रकरण मिटलं.

आता माझी खरी अडचण. या दोघांनंतर आलेल्या एका पाहुणीला मी आधीच सांगितलं की वाड्यात लिंगार्चन (मातीच्या शिवलिंगांची पूजा) बघायला जाल तेव्हा फोन खिशात ठेवा. तिने बुकिंगच्या साइटवर तीन तारे दिले आणि लिहिलं की यजमान प्रेमळ आहेत, पण नियम फार. दोन खोल्यांच्या धंद्यात तीन तारे म्हणजे काय, ते ज्यांनी भोगलंय त्यांनाच कळेल. तेव्हापासून मुलगा म्हणतो, "आई, तू कोणाला काही बोलू नकोस. नगर परिषदेने बोर्ड लावावा, आपण कशाला वाईट व्हायचं?"

तर प्रश्न असा: हे सांगायचं कोणी? आम्ही घरवाल्यांनी, गाइडने, नावाड्याने की बोर्डाने? आणि समोरचा दुखावणार नाही, पण फोन मात्र खिशात जाईल, असं कसं सांगायचं?

वाटाड्या_इंदोरी

ताई, मी मांडू-महेश्वर-ओंकारेश्वर या पट्ट्यात परदेशी मंडळींना फिरवतो, म्हणून अनुभवाचं सांगतो. तुम्ही सांगितलंत ते बरोबर, फक्त वेळ चुकीची. वाड्याकडे निघालेल्या माणसाला दारात अडवून "फोन खिशात" म्हटलं की त्याला तो हुकूम वाटतो. तीच गोष्ट आदल्या संध्याकाळी, गच्चीवर चहा पिताना सांगा. त्याने घाट अजून पाहिलेला नसतो, तेव्हा तीच माहिती वाटते.

मी सुरुवात "काय मिळेल" इथून करतो. संध्याकाळची आरती पायऱ्यांवरून खुशाल टिपा. किल्ल्याचा सगळ्यात चांगला फोटो नावेतून येतो, तो ऊन उतरल्यावर घ्या. मागावरच्या बायकांना विचारा, बहुतेक हो म्हणतात, पण त्यांचा हात थांबला की मजुरी थांबते हे लक्षात ठेवा. किल्ल्यावर रेहवा सोसायटी आहे, होळकर घराण्यातल्यांनी सत्तरच्या दशकात विणकरांसाठी सुरू केलेली, तिथे आधी बोलून जा. मग शेवटी, सकाळचं स्नान ही घाटावरची एकच गोष्ट कॅमेऱ्यासाठी नाही. चार गोष्टी दिल्यावर एक काढून घेतली तर कोणी तारे कापत नाही.

लिंगार्चनाबद्दल मात्र मीही कडक आहे. ब्राह्मण मातीची बोटभर शिवलिंगं करतात, पूजा होते आणि ती नर्मदेत विसर्जित होतात. माझ्या एका पाहुण्याने त्यातलं एक आठवण म्हणून उचललं होतं. त्याच्या मते रोज हजारोंनी करतात आणि पाण्यात टाकतात, मग एकाने काय बिघडतं? तर्क चूक म्हणता येत नाही! मी त्याला म्हटलं, तुझ्या चर्चमधला प्रसादाचा तुकडा मी खिशात घालून घरी नेला तर चालेल का? त्याने मुकाट्याने परत ठेवलं.

नावाड्यांचं तुम्ही अचूक पकडलंत. "अच्छा शॉट दिलाता हूँ साब" यावर बक्षिसी मिळते. बोर्ड पाहुण्यांसाठी लावाल, पण नावाड्यांशी कोण बोलणार?

तिखी_सेव

सगळं खरं, पण गोऱ्यांनाच का धरता?

महाकालमध्ये डिसेंबर २०२२ पासून मोबाइल न्यायला बंदी झाली, ती कोणामुळे? देवळाच्या आवारात सिनेमाच्या गाण्यांवर नाचून रील करणारे आपलेच होते. केदारनाथला जुलै २०२३ मध्ये फोटो-व्हिडिओवर बंदी आली, कारण एका भारतीय जोडीने देवळासमोर गुडघ्यावर बसून लग्नाची मागणी घातली आणि ती क्लिप देशभर गाजली. यात परदेशी माणूस कुठेच नाही.

महेश्वरच्या घाटावर कुठल्याही रविवारी जा. प्री-वेडिंगवाले धुराच्या नळकांड्या पेटवून बसलेले असतात आणि त्यांच्यासाठी स्नान करणाऱ्या म्हाताऱ्यांना बाजूला सरकवलं जातं. सरकवणारे इंदूरचे, कॅमेरावाला इंदूरचा, नवरी पण इंदूरची. त्यांच्याबद्दल कोणी धागा काढत नाही, कारण त्यातला एखादा आपला भाचा निघतो.

आणि उलट बाजू सांगू? रंगपंचमीच्या गेरीत, म्हणजे रंगाच्या मिरवणुकीत, राजवाड्यापाशी एखादी परदेशी मुलगी दिसली की तिच्याभोवती सेल्फीवाल्यांची रांग लागते, कोणी विचारतसुद्धा नाही. ऑक्टोबर २०२५ मध्ये विश्वचषकासाठी आलेल्या ऑस्ट्रेलियाच्या दोन महिला क्रिकेटपटूंचा आपल्याच शहरात रस्त्यावर पाठलाग झाला, एकीचा विनयभंग झाला आणि एकाला अटक झाली. तेव्हा आपण त्यांना "इथल्या पद्धती" शिकवणार असू तर आधी आपल्या इंदोरी भियालोकांचा (भाईलोकांचा) एक वर्ग घ्यावा लागेल. तुमच्या पाहुण्याने निदान माफी मागून व्हिडिओ तरी काढला. त्या हिंदी पेजवाल्यांनी काढला का?

ओसाकाहून_इंदूरचीच

काकू, माहेर खातीपुऱ्यात, नोकरी जपानात. इथे हा विषय रोजचा आहे म्हणून लिहिते.

बोर्डाच्या भरवशावर राहू नका. क्योटोच्या गिऑन भागात गेइको आणि माइको (पारंपरिक नाच-गाणं करणाऱ्या कलावंत) संध्याकाळी कामाला निघतात, त्यांच्यामागे फोन घेऊन धावणं, किमोनोला हात लावणं असे प्रकार इतके वाढले की २०१९ मध्ये खासगी गल्ल्यांत फोटो काढल्यास १० हजार येन दंडाचे बोर्ड लागले. चित्रांसह, इंग्रजी-चिनी सगळं. फार फरक पडला नाही. मग २०२४ मध्ये त्यातल्या काही खासगी गल्ल्या पर्यटकांना बंदच केल्या.

फुजीजवळचा किस्सा तर भारी आहे. फुजिकावागुचिको गावात एका किराणा दुकानाच्या बरोबर मागे फुजी दिसतो. फोटो व्हायरल झाला आणि लोक रस्त्याच्या मधोमध उभे राहू लागले, समोरच्या दातांच्या दवाखान्याच्या छपरावर चढू लागले. वैतागून गावाने मे २०२४ मध्ये अडीच मीटर उंच आणि वीस मीटर लांब काळी जाळी लावली. लोकांनी त्या जाळीला भोकं पाडून त्यातून फोटो काढले! ऑगस्टमध्ये जाळी उतरवली. इतके दिवस गावातल्यांनाही तिथून स्वतःचा डोंगर दिसेना, त्याचं काय?

बालीने वेगळी वाट धरली. तिथे सातशे वर्षांचं मानलं जाणारं एक पवित्र झाड आहे, एका देवळाच्या आवारात. २०२२ मध्ये एका रशियन इन्फ्लुएन्सरने त्याला टेकून नग्न फोटो काढले. तिला देशाबाहेर काढलं, पण असे प्रकार काही थांबले नाहीत. मग २०२३ मध्ये सरकारने काय करावं, काय करू नये याची यादीच काढली, की देवळात कपडे कसे असावेत, पवित्र झाडांवर चढू नये वगैरे. फेब्रुवारी २०२४ पासून प्रत्येक परदेशी पर्यटकाकडून दीड लाख रुपिया घेतात, संस्कृती आणि निसर्ग सांभाळायला म्हणून. दीड लाख ऐकून घाबरू नका, आपले हजार रुपयेही होत नाहीत. मला त्यातली यादी आवडली, कारण ती माणूस समुद्रकिनाऱ्यावर पोचायच्या आत त्याच्या हातात येते. वाटाड्यादादांचा गच्चीवरचा चहा हे त्याचंच घरगुती रूप.

नर्मदाकाठची_सून

@तिखी_सेव, प्री-वेडिंगचं शंभर टक्के मान्य. आमच्याच नात्यातल्या एका लग्नाचं शूटिंग त्या पायऱ्यांवर झालंय आणि मी त्यात नऊवारी नेसून हसतेय, तेव्हा मी गप्प बसते. पण एक फरक आहे बरं का. इंदूरचा फोटोवाला कुठे लेन्स वळवायची नाही हे जाणतो, आणि वळवलीच तर बायका त्याची सात पिढ्यांची हजेरी घेतात, ती त्याला समजतेही. परदेशी पोराला शिवी आणि राम राम सारखंच ऐकू येतं. म्हणून त्याला सांगणारं कोणीतरी लागतं, आणि तो उतरलाय माझ्या घरी.

फुलवाल्या बाईने जे म्हटलं त्याने मला झोप नाही लागली. तिने पोराला दोष दिला नाही, पेजवाल्यांना दिला नाही. ज्याच्या घरी पाहुणा, त्याची जबाबदारी, इतका सरळ हिशोब. मुलाला हे पटत नाही, तो म्हणतो आपण खोली विकतो, पाहुण्याचं चारित्र्य नाही.

जुना_वकील (ग्वाल्हेर, सध्या इंदूर)

सूनबाई, कायद्याच्या बाजूचं थोडक्यात.

भारतीय न्याय संहितेचं कलम ७७ (जुनं ३५४-क नव्हे, ३५४-ग, लोक नेहमी गोंधळ करतात) स्त्रीचं खासगी कृत्य चोरून टिपणं आणि पसरवणं याबद्दल आहे. पण त्यात जिथे खासगीपणाची वाजवी अपेक्षा असते अशी जागा धरली आहे. उघड्या घाटावर ते बसवायचं म्हणजे कोर्टात दोन्ही बाजूंनी भांडण. तेव्हा पाहुण्यांना पोलिसांची भीती घालू नका. त्याने तारेही जातील आणि केसही उभी राहणार नाही.

ड्रोनचं मात्र ठासून सांगा. फेब्रुवारी २०२२ पासून परदेशी ड्रोन देशात आणायलाच बंदी आहे, विमानतळावर कस्टम्सवाले काढून घेतात. कोणी कसाबसा आत आणला असेल तर तुमच्या गच्चीवरून उडवू देऊ नका. परदेशी पाहुणा आला की २४ तासांत त्याच्या नोंदीचा सरकारी फॉर्म भरता ना? म्हणजे तो कोणाकडे उतरलाय हे सरकारदरबारी नोंदलेलं असतं. उद्या काही झालं तर चौकशी तुमच्या दारात येणार. चिरंजीवांना हे वाचायला द्या. खोली विकली तरी पाहुणा तुमच्या नावावर असतो.

एक जुनी केस आठवली. मलेशियात किनाबालू पर्वत आहे, तिथल्या लोकांच्या श्रद्धेप्रमाणे त्यांच्या पूर्वजांचे आत्मे तिथे असतात. २०१५ च्या मे महिन्यात काही परदेशी तरुणांनी शिखराजवळ कपडे काढून फोटो काढले. सहा दिवसांनी भूकंप झाला, १८ माणसं गेली. लोकांनी दोन्हीचा संबंध जोडला, साहजिक आहे, दुःखात माणूस कारण शोधतो. कोर्टात मात्र आरोप फक्त सार्वजनिक ठिकाणी अश्लील वागण्याचा होता. चौघांना तीन दिवस कैद आणि पाच हजार रिंगिट दंड. मला ते आवडलं. संतापाच्या मापाने नव्हे, कृत्याच्या मापाने शिक्षा. तुमच्या त्या हिंदी पेजेसखालच्या कॉमेंट्समध्ये "पकडून मारा" किती होते ते मोजलंत तर कळेल मी काय म्हणतो.

तिखी_सेव

वकीलसाहेब, ग्वाल्हेरचे असून एवढं थोडक्यात?

वाटाड्या_इंदोरी

परिक्रमावास्यांबद्दल राहिलंच. परदेशी माणसाला "धार्मिक कारण आहे" म्हणून सांगितलं तर तो मान डोलावतो आणि विसरतो. त्याला नकाशा दाखवा. अमरकंटकपासून समुद्रापर्यंत जायचं आणि दुसऱ्या काठाने परत यायचं, नदी कायम उजवीकडे. एकदाच नाव, ती नदीच्या मुखाशी, समुद्राच्या बाजूने पलीकडच्या काठावर जायला. चातुर्मासात थांबायचं, सदावर्तात मिळेल ते शिजवून खायचं. हे ऐकलं की त्यांचे डोळे मोठे होतात. माझा एक पाहुणा त्यानंतर एका परिक्रमावासी आजींबरोबर दिवसभर चालला, व्हिडिओ न काढता, आणि रात्री माझ्याकडे "नर्मदे हर" नीट म्हणायला शिकत बसला.

नावाड्यांशी मी बोलतो. त्यांच्यातल्या दोन-तीन जाणत्यांनी मनावर घेतलं तर बाकीचे ऐकतात. पण बक्षिसीचं नुकसान कोण भरणार हा प्रश्न ते मला विचारणार. ताई, तुमच्याकडचे पाहुणे नावेत बसणार असतील तर भाडं तुम्ही आधीच ठरवा, घाटावर ठरू देऊ नका. मग "शॉट"ची लालूच राहत नाही.

नर्मदाकाठची_सून

सगळ्यांचे आभार. भाड्याची कल्पना पटली, मुलालाही पटली (त्यात कमिशन आहे ना!). चहाचं काम सासूबाईंनी स्वतःकडे घेतलंय. त्यांना इंग्रजी येत नाही, पण भाषांतर मी फोनवरून करेन म्हटलं तर म्हणाल्या, गरज नाही, मी दाखवीन. त्या पदर घेऊन, केस मोकळे सोडून, हाताने कॅमेरा धरल्यासारखं करून डोळे वटारतात. मी हसून लोळले, पण पाहुण्यांना नक्की कळेल.

साइटवर खोलीच्या माहितीत टाकायला मजकूर केलाय, इंग्रजी मुलगा करेल. बघा कसा वाटतो:

"आमचं घर नर्मदेच्या घाटाजवळ आहे. पोचल्या दिवशी संध्याकाळी आजींबरोबर गच्चीवर चहा, तो आमच्याकडून. फोटोसाठी चांगल्या जागा आणि वेळा तेव्हा सांगू. पहाटे घाटावर बायका स्नान करतात, तेव्हा कॅमेरा खोलीत राहू द्या. पाठीवर पडशी घेऊन चालणारे यात्रेकरू भेटतील, त्यांच्याशी बोला, त्यांना खाऊ द्या, पण नावेत बसवू नका, कारण आजी सांगतील. वाड्यातल्या पूजेत मातीची शिवलिंगं असतात, ती नदीची आहेत. ड्रोन आणू नका, विमानतळावरच काढून घेतात."

ओसाकाहून_इंदूरचीच

छान झालंय काकू. फक्त ड्रोनची ओळ सगळ्यात वर घ्या. बाकीचं इथे आल्यावर सांगता येईल, ड्रोनवाल्याला मात्र घरून बॅग भरताना कळायला हवं. आणि चहाची वेळ लिहा, नाहीतर रात्रीच्या विमानाने इंदूरला उतरून टॅक्सीने येणारा माणूस आजींना साडेअकराला उठवेल.

नर्मदाकाठची_सून

केला बदल. चहा साडेपाचला. उशिरा येणाऱ्याला दुसऱ्या दिवशी, पण मग सकाळी घाटावर जायच्या आत, सासूबाई तशाही चारला उठतात.